मागाच्या शेडचा घुमणारा आवाज जपता येईल का?

प्रश्न (साखर पेठ, सोलापूर):
आजोबांची चादरींची शेड पुढच्या महिन्यात पाडणार आहेत. माग कधीच भंगारात गेले. पण रिकाम्या शेडमध्ये हाक मारली की पत्रा आणि दगडी भिंत ती परत देतात, शेवटी जराशी किणकिणत. आजोबा दारातून "चहा आलाय रे" म्हणायचे, ते अजून कानात आहे. त्यांची एकच कॅसेट आहे, घरात भरलेली. शेड गेल्यावर त्यांचा आवाज तिथला म्हणून ऐकता येईल?

उत्तर १:
येईल ताई. शेडची छाप घ्या. आजोबा उभे राहायचे तिथं, दारात मोठा फुगा फोडा. माइक तुम्ही लहानपणी बसायचात तिथं. आवाज पूर्ण विरेपर्यंत कुणी हलायचं नाही. फुगा क्षणात संपतो, उरतं ते शेडचं. संगणकावर कॉन्व्होल्यूशननं (एका जागेचा घुमार दुसऱ्या आवाजावर गणितानं चढवायची रीत) ती छाप कॅसेटच्या आवाजाला लावायची.

उत्तर २:
फुग्यात खालचे सूर कमी पडतात. स्पीकरवर २० ते २०,००० हर्ट्झचा चढता सूरही वाजवून घ्या. मोबाइलचं ऑटो गेन (आवाजाची पातळी आपोआप कमी-जास्त करणं) बंद करा, नाहीतर विरत जाणाऱ्या आवाजाचं शेपूट खोटं येतं. काजळीच्या कागदावर १८६० मध्ये उमटवलेला आवाज २००८ मध्ये ऐकता आला; जुन्या नोंदीतून पुढे काय निघेल सांगता येत नाही, म्हणून मूळ फाइल जपाच.

प्रश्नकर्ती:
पहाटे साडेचारला, रिक्षा सुरू व्हायच्या आत जाऊन आले. सात फुगे फोडले. चौथ्याला पत्र्यावरची कबुतरं उडाली, तेही ठेवलंय. रात्री कॅसेट लावून बघते.