‘पुंडलिक’ : पहिला चित्रपट की नाटकाचा फोटो?

मधलापडदा
दादासाहेब तोरण्यांचा ‘श्री पुंडलिक’ गिरगावातल्या कॉरोनेशन सिनेमॅटोग्राफमध्ये लागला १८ मे १९१२ला. फाळक्यांचा ‘राजा हरिश्चंद्र’ तिथेच लागला ३ मे १९१३ला. साडेअकरा महिन्यांचा फरक, तरी पहिल्या भारतीय चित्रपटाचा मान फाळक्यांचा. का, तर तोरण्यांनी श्रीपाद संगीत मंडळीचं चालू नाटक फितीवर घेतलं म्हणून. कथा होती, नट होते, लोकांनी तिकीट काढून पाहिलं. आणखी काय हवं?

शंकासूर
मग तोरण्यांपाशी तरी का थांबता? हिरालाल सेनांनी कलकत्त्याच्या क्लासिक थिएटरमधली नाटकं दहाएक वर्षं आधी फितीवर घेतली होती, ‘अलीबाबा’ १९०३चा. १९१७च्या आगीत सेनांचा सगळा साठा जळाला, त्यामुळे तोही पाहायला नाही. तोरणे आत आणि सेन बाहेर, असा निकष कोणता?
शिवाय कॅमेऱ्यावर जॉन्सन नावाचा गोरा, फीत धुवायला लंडनला. फाळक्यांनी विल्यमसन कॅमेरा आणला, फितीला भोकं पाडायचं यंत्र आणलं, धुलाई घरच्या अंधारखोलीत केली.

मधलापडदा
फीत कुठे धुतली यावरून चित्रपटाची जात ठरत नाही. फ्रेंच नटी सारा बर्नहार्टची ‘क्वीन एलिझाबेथ’ १९१२चीच, रंगभूमीवरूनच उचललेली, नटमंडळी समोर तोंड करून उभी. तिला कुणी फोटो म्हणत नाही.

रीळमास्तर
भांडणात मिनिटांचे आकडे येतीलच, म्हणून आधी हिशेब. ३५ मिमीच्या एका फुटात १६ चित्रं. सेकंदाला १६ चित्रांनी हँडल फिरवलं तर एक फूट म्हणजे एक सेकंद. ‘पुंडलिक’ सुमारे १५०० फूट, म्हणजे २५ मिनिटं. सर्रास सांगतात ती २२ मिनिटं १८च्या गतीला येतात. ‘हरिश्चंद्र’ ३७०० फूट, १६ला तासभर. त्याची जी ४० मिनिटं सांगतात, ती २४च्या, म्हणजे बोलपटाच्या गतीला जुळतात. तेव्हा २२ विरुद्ध ४० ही तुलनाच चुकीची. गती एक धरा, मग बोला.

शंकासूर
हिशेब पटला, आणि माझ्याच कामाचा आहे. संगीत नाटकातलं एक पद चार मिनिटांचं धरा. २४० फूट फीत नुसत्या हलत्या ओठांवर! सहा पदांत रीळ संपलं. सूर वजा केल्यावर संगीत नाटकात राहतं काय? रंगवलेला पडदा आणि ओळीत उभी पात्रं.

मधलापडदा
अहो, ही तर माझीच बाजू झाली! रात्रभर चालणारं नाटक १५०० फुटांत बसत नाही. कुठले प्रवेश ठेवायचे, कुठली पदं गाळायची, हे कुणीतरी बसून ठरवलं असणार. आधी एकाच जागेवरून घेतलं, ते पटलं नाही म्हणून तुकड्यातुकड्यांनी घेऊन जोडलं, असंही लिहिलेलं आढळतं. गाळणं आणि जोडणं याला रूपांतर नाही म्हणायचं तर कशाला?

शंकासूर
‘असणार’ आणि ‘आढळतं’. फितीत सांधे होते की नाही, हे फीतच सांगेल. ती आणा.

रीळमास्तर
तीच तर नाही. नायट्रेट फीत, म्हणजे तेव्हाची सडणारी, पटकन पेटणारी फीत. दमट हवेत चित्र आधी फिकं पडतं, मग वेटोळी चिकटतात, वर मधासारखे बुडबुडे येतात, शेवटी तपकिरी भुकटी. सडू लागलेलं रीळ चाळीसेक अंशांत बरेच दिवस राहिलं तर आपोआप पेटूही शकतं. जुन्या प्रतींतली चांदी काढून विकायचे, ते वेगळंच. आपल्याकडे मूकपट बनले तेराशेच्या आसपास, उरले जेमतेम तीसेक. ‘हरिश्चंद्र’चीसुद्धा पहिली आणि शेवटची रिळंच आहेत, आणि ती १९१७च्या दुसऱ्या आवृत्तीची असावीत असं काही अभ्यासक मानतात. म्हणजे फाळक्यांच्या बाजूलाही अस्सल पुरावा ठणठणीत नाही.
उद्या एखादा डबा सापडला आणि त्यावर ‘पुंडलिक’ लिहिलेलं असलं, तरी आधी फितीची कड पाहा. कोडॅकची वर्ष दाखवणारी गोल-चौकोनी चिन्हं १९१६पासूनची. ती दिसली तर ती फीत १९१२ची नाही.

शंकासूर
आणि चिन्हं नसली तर?

रीळमास्तर
तर फक्त बाद झाली नाही, एवढंच. दुसऱ्या कंपनीची फीतही असू शकते. मग सांधे मोजायला बसा.