मुलांसाठी लिहिणं ही नुसती पायरी?

वर एकांनी म्हटलंय की मुलांच्या मालिका म्हणजे नवख्या लेखकाने हात बसवायची जागा, पुढे 'खऱ्या' लेखनाकडे वळावं. मला हे अजिबात पटत नाही.

नॉर्मन स्टाइल्स यांचंच बघा. 'सेसमी स्ट्रीट' या लहान मुलांच्या अमेरिकन टीव्ही मालिकेचे ते कित्येक वर्षं मुख्य लेखक होते. १९८२ मध्ये त्यातल्या दुकानदार हूपरचं काम करणारे विल ली वारले. दुसरा नट आणता आला असता. पण मुलांपासून मृत्यू लपवायचा नाही असं ठरलं आणि हूपर वारल्याचा भाग स्टाइल्स यांनी लिहिला. २४ नोव्हेंबर १९८३ ला, थँक्सगिव्हिंग या अमेरिकेतल्या सणाच्या सुट्टीत दाखवला, आईवडील घरी असावेत म्हणून. त्यात बिग बर्ड, म्हणजे मालिकेतला मोठा पिवळा बाहुला-पक्षी, सगळ्यांना त्यांची त्यांची चित्रं वाटतो आणि एक हातात उरतं. हूपर आले की देईन, म्हणतो. ते येणार नाहीत हे कळल्यावर विचारतो, मग माझं मिल्कशेक कोण करणार?

मूल असंच विचारतं हो! गेल्या वर्षी आमच्याकडे, बडोद्याला दांडिया बाजारात, सासरे गेले. घरी येणारं प्रत्येक जण माझ्या पाच वर्षांच्या लेकीला 'आजोबा देवाघरी गेले' सांगत होतं, आणि ती कोपऱ्यातल्या त्यांच्या चपलांकडे बघत विचारत होती, "मग मला सुरसागर तळ्यावर कोण नेणार?"

मी जवळ घेऊन म्हटलं, आजोबा आता परत येणार नाहीत, मी नेईन.

"पण तू तर भरभर चालतेस," ती म्हणाली.