वेल्सचं २०११चं सार्वमत: हा प्रश्न मतपेटीत टाकायचा होता का?

सनदी:
३ मार्च २०११ला वेल्सच्या मतदारांना विचारलं गेलं, की २० विषयांत कायदे करायचा पूर्ण अधिकार तिथल्या राष्ट्रीय असेंब्लीला, म्हणजे विधिमंडळाला, द्यावा का. ६३.५ टक्के 'हो'. मतदान मात्र ३५ टक्क्यांच्या आसपास. माझ्या मते हा खटाटोप नको होता. असेंब्ली हवी की नको, हे लोकांनी १९९७ मध्येच ६,७२१ मतांनी का होईना ठरवलं होतं. २०११ मध्ये उरली होती कारकुनी. असेंब्लीला एखाद्या बाबीवर कायदा करायचा तर आधी तेवढ्यापुरता अधिकार मागणारा आदेश लिहायचा, कार्डिफची असेंब्ली आणि लंडनची ब्रिटिश संसद दोन्हीकडच्या समित्यांनी तो तपासायचा, लंडन सरकारातल्या वेल्सविषयक मंत्र्याने संसदेपुढे ठेवायचा, दोन्ही सभागृहांनी मंजूर करायचा. मूळ मसुद्याचा नंबर त्यानंतर! फाइल कमी फिरावी का, हे लोकांना काय विचारायचं?

उंबरठा:
कारकुनी? तो मंत्री आदेश संसदेपुढे ठेवायलाच नकार देऊ शकत होता, फक्त कारण लेखी द्यायचं. हा लंडनचा नकाराधिकार होता, आणि तो काढायचा म्हणजे सत्ता हलवणं. म्हणून तर २००६च्या कायद्यात तिहेरी कुलूप होतं: असेंब्लीत ६० पैकी ४० मतं, मग संसदेची दोन्ही सभागृहं, मग सार्वमत. २२ पैकी २१ भागांनी 'हो' म्हटलं. मनमथशर तेवढं ३२० मतांनी 'नाही'.

गणिती:
टक्केवारी नीट मांडा. ३५ टक्क्यांचे ६३.५ टक्के म्हणजे मतदारयादीतले जेमतेम २२-२३ टक्के. १९७९चा नियम, म्हणजे 'हो' मतं यादीच्या निदान ४० टक्के हवीत, असता तर सार्वमत पडलं असतं. त्या साली स्कॉटलंडमध्ये तिथल्या असेंब्लीच्या सार्वमतात ५१.६ टक्के 'हो' येऊनही यादीच्या हिशेबाने ३२.९च भरले, आणि सगळं बुडालं. पण तो नियम मुळात वाईट, यादीतला मेलेला माणूसही 'नाही'त धरला जातो.
खरी गोची प्रचारात होती. विरोधकांच्या मुख्य गटाने अधिकृत प्रचारक म्हणून अर्जच केला नाही. नियम असा, की नेमायचे तर दोन्ही बाजूंचे. त्यामुळे 'हो'वाल्यांचंही अनुदान, मोफत टपाल आणि प्रसारणाची वेळ गेली. चाल म्हणून बिनतोड, पण मतदार कोरडाच राहिला.

सनदी:
शिवाय ती मतपत्रिका! आधी सध्या काय चालतं ते, मग 'हो' झालं तर काय, 'नाही' झालं तर काय, आणि तळाशी प्रश्न. असा धडा छापावा लागतो तिथे प्रश्नच चुकलाय. पुढचंही बघा. आयकराच्या अधिकारासाठी २०१४च्या कायद्यात सार्वमताची अट होती, २०१७च्या कायद्याने ती उडवली, आणि एप्रिल २०१९ पासून वेल्सचे दर लागू. खिशाला हात घालताना विचारलं नाही!

उंबरठा:
ती अट काढणं चूकच होतं. पण म्हणून २०११चं विचारणं कसं चुकतं? आपल्याकडे १९७६ मध्ये शिक्षण आणि वनं राज्यसूचीतून उचलून समवर्ती सूचीत नेली. ४२वी घटनादुरुस्ती, आणीबाणी, विरोधी नेते तुरुंगात. महाराष्ट्रातल्या मतदाराला कुणी विचारलं?

गणिती:
विचारून तंटे तरी कुठे मिटले? २०११ नंतर असेंब्लीने मंजूर केलेलं पहिलंच विधेयक, स्थानिक उपविधींचं, अ‍ॅटर्नी जनरलने, म्हणजे लंडन सरकारच्या मुख्य कायदा सल्लागाराने, २०१२ मध्ये ब्रिटनच्या सर्वोच्च न्यायालयात नेलं. वेल्स जिंकलं, पण विषयांच्या यादीची हद्द मतदाराने नाही, न्यायाधीशांनी आखली.