प्रचारपट व्हरहोवेनने स्वतः केला होता
'डच दिग्दर्शक पॉल व्हरहोवेनला फक्त हिंसा आणि नग्नता विकता येते' असं एक मत वाचलं, ते अर्धंच पटलं. हिंसा आहे, भरपूर आहे. पण हा माणूस नेदरलँड्समधल्या लायडन विद्यापीठात गणित आणि भौतिकशास्त्र शिकलेला. शिवाय नौदलातल्या सक्तीच्या नोकरीत असताना १९६५ साली त्याने डच मरीन सैनिकांवर माहितीपट केला होता. म्हणजे लष्कराची भलामण पडद्यावर कशी बेततात, हे त्याला आतून ठाऊक!

त्याच्या 'स्टारशिप ट्रूपर्स' (१९९७) या माणसं विरुद्ध महाकाय किडे अशा युद्धावरच्या विज्ञानपटातल्या सरकारी जाहिराती परत बघा. शाळकरी पोरं झुरळं चिरडतायत आणि शेजारी एक बाई वेड लागल्यासारख्या टाळ्या पिटतेय. तेव्हा काही समीक्षकांनी हे उपरोध न ओळखता सरळ अर्थाने घेऊन सिनेमालाच फॅसिस्ट ठरवलं. मला तर त्यातली सगळ्यात भीतीदायक हिंसा त्या जाहिरातींतलीच वाटते, आणि तिथे माणसाच्या रक्ताचा थेंबही नाही.