मदत हवी आहे : तेनेरिफेमधील जुन्या कार्दोनची खोडे बुंध्याशी मऊ पडत आहेत

दूरदेशी

नमस्कार. आमचे वास्तव्य सध्या स्पेनच्या कॅनरी बेटांपैकी तेनेरिफेवर आहे. बेटाच्या आग्नेय किनाऱ्याकडे, गुइमार खोऱ्याच्या खालच्या अंगाला आम्ही भाड्याने राहतो आणि घरामागील आवारात कार्दोनची एक जुनी, ऐसपैस जाळी आहे. शास्त्रीय नाव युफोर्बिया कॅनॅरिएन्सिस. या जाळीच्या भिंतीकडील बाजूची काही खोडे अलीकडे बुंध्याशी तपकिरी झाली आहेत, त्यांपैकी दोन दाबल्यास मऊ लागतात आणि एक पूर्ण कलंडले आहे. घरात लहान मूल असल्यामुळे आणि या झाडाचा चीक विषारी असल्यामुळे घरमालकांनी यंत्र आणून सगळी जाळीच मुळासकट काढण्याचा विचार बोलून दाखवला. ती काढली जाऊ नये अशी माझी मनापासून इच्छा आहे, परंतु त्यांना सांगण्यासाठी माझ्याजवळ ठोस माहिती असायला हवी.

ज्यांनी हे झाड पाहिलेले नाही त्यांच्यासाठी थोडे वर्णन करते. याला एकच असे मुख्य खोड नसते. जमिनीलगतच चौधारी किंवा पंचधारी, पर्णहीन, हिरवी खोडे फुटतात, थोडी बाहेर झुकतात आणि मग सरळ वर चढतात. उंची तीन-चार मीटर होते, पण पसारा त्याहून कितीतरी मोठा असतो. जुन्या जाळ्या शंभर चौरस मीटरहून अधिक जागा व्यापतात. धारांवर आखूड, वाकडे, टणक काटे जोडीजोडीने असतात आणि खोडांच्या शेंड्यांकडे बारीक तांबूस फुले येतात. पाहणाऱ्याला हा कॅक्टस वाटतो, परंतु कॅक्टसचे कूळ मुळात अमेरिकेतले आणि हे झाड आपल्या थोराच्या व शेराच्या कुळातले आहे. येथे उतारांवर जो फड्या निवडुंग दिसतो तो मात्र खरा कॅक्टस आहे, आणि तो एकोणिसाव्या शतकात लाल रंग देणाऱ्या किड्यांच्या पैदाशीसाठी मोठ्या प्रमाणावर लावला गेला. कार्दोन या बेटांखेरीज जगात कोठेही निसर्गतः उगवत नाही. 1991 च्या कायद्याने ते शेजारच्या ग्रान कॅनरिया बेटाचे वनस्पती-प्रतीक ठरले आहे.

त्याची नैसर्गिक जागा म्हणजे समुद्रकाठापासून साधारण नऊशे मीटरपर्यंतचा कोरडा पट्टा. आमच्या जवळच गुइमारचे संरक्षित लाव्हाक्षेत्र आहे. तेथे माती अशी जवळजवळ नाहीच. थिजलेल्या लाव्हाच्या भेगांत मुळे घालून ही झाडे उभी आहेत. आमच्या बाजूच्या किनारपट्टीवर वर्षाला 300 मिलीमीटरहून कमी पाऊस पडतो आणि तोही बहुतेक ऑक्टोबर ते मार्च या काळात.

आता आमच्या आवारातील परिस्थिती. आम्ही येण्यापूर्वी भिंतीलगत बोगनवेल लावली गेली आणि तिच्यासाठी ठिबकची नळी टाकली गेली. ती नळी जाळीच्या एका कडेवरून जाते आणि उन्हाळ्यातही रोज चालते. वर पिकॉनचा, म्हणजे ज्वालामुखीच्या काळ्या सच्छिद्र खड्यांचा जाड थर पसरलेला आहे, त्यामुळे पृष्ठभाग कोरडा दिसला तरी खाली ओल राहत असावी. नादुरुस्त खोडे त्याच कडेला आहेत. बाकीची जाळी हिरवीगार आहे.

तर हा रोग आहे की वयोमानाने होणारा बदल आहे, हे कसे ओळखावे? कुजलेली खोडे काढायची झाल्यास ती सुरक्षितपणे कशी कापावीत? आणि आवारातील झाड असले तरी कोणाची परवानगी लागते का? जाळीच्या आत पालींसारखे मोठे सरडे राहतात, ते या बेटांचेच आहेत, तिच्यातून स्थानिक वेलीही वर आल्या आहेत. म्हणून जे करायचे ते कमीत कमी तोडफोड करून व्हावे.

सह्यवेली

दूरदेशी ताई, प्रथम एक फरक पाहून घ्या. या कुळातील चौधारी, त्रिधारी अशा सर्व झाडांत जुन्या खोडाचा बुंधा वयाबरोबर बुचासारखा राखाडी-तपकिरी होतो. तो खडखडीत कोरडा असतो, नख रुतत नाही आणि वरचा भाग हिरवा व ताठ राहतो. हा दोष नव्हे. वरचा भार पेलण्यासाठी झाड बुंध्याशी लाकूड तयार करते. कुज असेल तर रंग काळपट, पाणी पाझरल्यासारखा दिसतो, साल सुटते, दाबल्यावर आतून ओल येते आणि बहुधा आंबूस वास येतो. एक खोड कलंडले आहे, त्याचा मोडलेला भाग पाहून सांगाल का? हाताला जाड हातमोजे आणि डोळ्यांना चष्मा हवाच.

आपण वेलींचा उल्लेख केलात म्हणून विचारते, त्यांत पाने नसलेली, करड्या कांड्यांची, सरळ उभी वाढणारी एखादी वनस्पती आहे का? तेनेरिफेच्या कार्दोन-जाळ्यांत सेरोपेजिया फुस्का आढळते. आपल्या सह्याद्रीतील कंदीलपुष्प, ज्याला खरपुडी म्हणतात, तिच्याच वंशातली ती आहे. फुलाची घडणही तशीच, अरुंद नळीची. सह्याद्रीतल्या कातळावर तिच्या बहिणी शोधत हिंडणाऱ्या आमच्यासारख्यांना हे वाचूनच फार आनंद होतो.

दूरदेशी

सह्यवेली ताई, आभारी आहे. मोडलेला भाग पाहिला. मध्यभाग तपकिरी, तंतू सुटे झालेले आणि वास स्पष्टपणे आंबूस आहे. जमिनीपासून सुमारे हातभर उंचीपर्यंत असे आहे. त्याच्या वर काटा खरवडला गेला तेथे पांढरा चीक लगेच आला. इतर बाजूंची जुनी खोडे मात्र आपण सांगता तशी कोरडी आणि टणक आहेत. कांड्यांची ती वनस्पतीही आहे, आणि मी तिला आजवर वाळकी काटकी समजून दुर्लक्ष करत होते. आता फुलांवर लक्ष ठेवीन.

माळरान

वर्णनावरून ही बुंध्याची कुज आहे आणि कारण आपण स्वतःच नेमके लिहिले आहे. कार्दोनची वाढ तेथील हिवाळी पावसावर होते, तर कोरड्या, उष्ण महिन्यांत ते जवळजवळ थांबलेले असते. थांबलेल्या मुळांना तापलेल्या जमिनीत रोज पाणी मिळाले की बुरशीला मोकळे रान मिळते. आपल्याकडचा थोर मृगापासून भरपूर पाऊस सोसतो, म्हणून आपल्या अंदाजाने या झाडाकडे पाहू नये. सर्वांत आधी ती नळी हलवा. जाळीच्या कडेपासून पुरेशी दूर, उताराच्या खालच्या बाजूस ती गेली पाहिजे. बुंध्यांभोवतालचा पिकॉन हाताने बाजूला सारून तेथे वारा लागू द्या. माझ्या मते अर्धे काम एवढ्यानेच होईल.

कापणी कोरड्या हवेतच करावी, म्हणजे आताच, पावसाळी महिने सुरू होण्याच्या कितीतरी आधी. करवत स्पिरिटने पुसून घ्या आणि प्रत्येक कापानंतर पुन्हा पुसा. कुजलेल्या भागाच्या खाली निरोगी गाभा लागेपर्यंत कापावे लागते; छेद सगळीकडून फिकट हिरवा-पांढरा दिसला आणि कडेने चीक एकसारखा आला की थांबावे. एकही तपकिरी ठिपका राहिला तर कुज पुढे सरकते. कुज थेट मुळापर्यंत गेली असेल तर ते खोड मुळासह काढा, पण फक्त तेवढेच. छेद तिरका ठेवा, म्हणजे त्यावर पाणी साचणार नाही. चीक वाहत राहिल्यास छेदावर थंड पाण्याचा फवारा मारला की तो थांबतो. वरचा निरोगी भाग फेकू नका. सावलीत, हवेशीर जागी आडवा ठेवून छेद पूर्ण सुकू द्या, त्याला काही आठवडे लागतात, आणि नंतर निव्वळ खडीमुरमात लावा. मूळ धरेपर्यंत पाणी अगदी बेताने द्या.

चष्मेवाली

मी नेत्रतज्ज्ञ आहे, म्हणून चिकाविषयी लिहिणे मला कर्तव्य वाटते. आपल्याकडे शेराच्या कुंपणाची छाटणी करताना चीक डोळ्यात गेलेले रुग्ण येतात, आणि कार्दोनच्या चिकातही त्याच जातीची दाहक द्रव्ये असतात. कॅनरी बेटांवरचे मूळ रहिवासी गुआंचे ओहोटीच्या डबक्यांत हा चीक मिसळून मासे गुंगवून पकडत असत, यावरून त्याच्या तीव्रतेची कल्पना यावी.

कापताना बाजूंनीही बंद असलेला चष्मा, लांब बाह्या आणि जाड हातमोजे वापरा, वाऱ्याकडे पाठ ठेवा आणि मुलाला त्या वेळी घरातच ठेवा. चीक कातडीला लागल्यास आधी कोरड्या कापडाने टिपून घ्या आणि मग साबण व भरपूर पाण्याने धुवा. डोळ्यात गेल्यास क्षणाचाही विलंब न लावता स्वच्छ वाहत्या पाण्याने पंधरा ते वीस मिनिटे डोळा धुवा आणि त्याच दिवशी नेत्रतज्ज्ञाकडे जा. सुरुवातीला नुसती आग होते, ती कमी झाल्यासारखी वाटते, आणि खरा दाह काही तासांनी, कधी दुसऱ्या दिवशी वाढतो. या फसव्या मधल्या वेळेमुळेच लोक उशिरा येतात. शक्य झाल्यास चिकाची बाटली नव्हे, तर झाडाचे छायाचित्र आणि नाव सोबत न्यावे. स्पेनमध्ये आणीबाणीसाठी 112 हा क्रमांक आहे.

मूल त्या बाजूला जात असेल तर जाळीपासून हातभर अंतरावर गुडघ्याएवढे साधे कुंपण घालणे पुरेसे आहे. न दुखावलेल्या खोडातून चीक आपोआप बाहेर येत नाही. काटा लागला किंवा खोड ओरबाडले गेले तरच येतो.

माळरान

परवानगीबद्दल लिहायचे राहिले. कार्दोन हे तेथील संरक्षित वनस्पतींच्या यादीत आहे. बागेत लावलेले झाड आणि पूर्वीपासून जागेवर उगवलेले झाड यांत फरक केला जातो, आणि जाळी इतकी जुनी असेल तर ती घराच्या आधीची असण्याची शक्यता मोठी आहे. म्हणून कापणीआधी नगरपालिकेच्या पर्यावरण विभागात लेखी विचारावे. घरमालकांनाही हा मुद्दा सांगता येईल, कारण यंत्राने सरसकट उखडणे त्यांच्याच अंगाशी येऊ शकते.

कोरड्या मेलेल्या खोडांविषयी एक विनंती. जी कुजकी व ओली आहेत ती काढून आवाराबाहेर पाठवा. पण जी नैसर्गिकपणे वाळून आत उभी किंवा आडवी आहेत ती तशीच राहू द्या. लेप्रोमोरिस गिब्बा नावाचा लांब मिशांचा एक भुंगा कॅनरी बेटांचाच रहिवासी आहे आणि त्याच्या अळ्या मेलेल्या कार्दोनच्या खोडात वाढतात. त्याच्याखेरीज इतरही कितीतरी कीटक त्या वाळक्या गाभ्यावर जगतात. स्वच्छतेच्या हौसेने जाळीचा आतला भाग झाडून काढला, तर झाड वाचेल पण त्यावर जगणारे निघून जातील.

पुणेरी_गच्ची

फार माहितीपूर्ण धागा आहे. दूरदेशी, आपण भारतात याल तेव्हा वरच्या निरोगी भागाचा एखादा तुकडा आणता येईल का? माझ्या गच्चीवर थोराच्या कुळातील बऱ्याच जाती आहेत.

सह्यवेली

पुणेरी_गच्ची, कृपया तसे करू नये. युफोर्बियाच्या मांसल जाती साइटीस, म्हणजे धोक्यातील वन्य जातींच्या व्यापारावरील आंतरराष्ट्रीय कराराच्या दुसऱ्या परिशिष्टात आहेत, त्यामुळे जिवंत तुकडा देशाबाहेर न्यायला निर्यात परवाना लागतो, आणि भारतात आणायला आपल्या पीक-संरक्षण नियमांखाली आयात परवाना व वनस्पती-आरोग्य प्रमाणपत्र लागते. शिवाय हा तुकडा कुजलेल्या खोडावरचा आहे. बुरशी सोबत येण्याचा धोका वेगळाच. रोपवाटिकेत बियांपासून वाढवलेले रोप रीतसर कागदपत्रांसह मिळाले तरच घ्यावे.

दूरदेशी

सर्वांचे मनःपूर्वक आभार. तुकड्याविषयी सह्यवेली ताईंचे म्हणणे मला पूर्ण मान्य आहे; वरचे निरोगी भाग याच आवारात, भिंतीपासून दूर, लाव्हाच्या खड्यांत लावू.

आपले प्रतिसाद मी स्पॅनिशमध्ये मांडून घरमालकांना वाचून दाखवले. कुज एका कडेपुरतीच आहे आणि कारण ठिबक आहे हे त्यांना पटले, चिकाविषयीची भीती कुंपणाच्या सूचनेने कमी झाली, आणि परवानगीचा मुद्दा ऐकल्यावर यंत्राचा विषय त्यांनी स्वतःच सोडला. नळी बंद केली आहे. नगरपालिकेला अर्ज दिला आहे आणि उत्तर येईपर्यंत करवत लावणार नाही. माळरान, एक शेवटची शंका आहे : परवानगी यायला वेळ लागला तर तोवर कलंडलेले खोड आहे तेथेच ठेवावे, की नुसते ओढून जाळीपासून बाजूला केले तर चालेल?

माळरान

ते आधीच तुटलेले असेल तर बाजूला करा, कारण ते ओले आहे आणि शेजारच्या बुंध्यांना टेकले आहे. बुंध्याशी अजून जोडलेले असेल तर ओढू नका, मुळाशी नवी जखम होईल. त्याखाली दोन दगड सरकवून ते उचलून धरा आणि शेजारच्या खोडांमधून वारा जाईल एवढी फट ठेवा.