स्त्रीधन परत मागताना : तुमचं काय झालं?

परवा नागपुरात इतवारीत सराफाकडे बहिणीचं डोरलं पॉलिशला टाकायला गेली, तर ट्रेमध्ये माझ्या गोफासारखाच गोफ. माझा तीन तोळ्यांचा, माझं स्त्रीधन (बाईला लग्नात मिळालेलं, तिचं स्वतःचं), अजूनही सासूबाईंच्या लॉकरमध्ये आहे. सहमतीनं घटस्फोट घेतला होता. अटींच्या कागदावर सातव्या नंबरला वाक्य होतं : ‘अर्जदार क्र. १ हिस सर्व स्त्रीधन मिळाले असून यापुढे कोणताही दावा राहिलेला नाही.’ मी विचारलं, मिळालं कुठं? वकील म्हणे, टाईप तसंच असते मॅडम, ते देऊनच देतील. केली सही. नंतर मागायला गेली तर त्यांनी तोच कागद पुढं केला.

ज्यांना मिळालं त्यांनी कसं ते लिहा, नाही मिळालं तर कुठं अडलं ते लिहा. सासरची अन् वकिलांची नावं नकोत.

महाल
मला बरंचसं मिळालं. सोडचिठ्ठीचा दावा चालू असतानाच कौटुंबिक हिंसाचाराच्या २००५ च्या कायद्याखाली अर्ज लावला. कलम १९(८) मध्ये स्त्रीधन परत करायचा आदेश मागता येतो, कलम १८ मध्ये लॉकरला हात लावू नये असा. दोन्ही मागितले. पण ‘अंदाजे वीस तोळे’ लिहून काही होत नाही, वस्तूगणिक वजन लागते. बाबांनी सराफाच्या जुन्या बिलबुकातून नकला आणल्या. बाकीचं लग्नाच्या व्हिडिओतून. मी अन् वहिनी रात्री एकपर्यंत थांबवून थांबवून पाहात बसलो. १ तास ४२ व्या मिनिटाला सासूबाई माझ्या पाटल्या काढून स्वतःच्या पर्समध्ये ठेवतात. ते मिनिट यादीत लिहिलं.

आदेश झाल्यावर छोटा हत्ती घेऊन गेलो, सोबत त्याच कायद्याखालचा संरक्षण अधिकारी अन् पोलीस. सासरे म्हणे भांडी आमचीच. पोलीसबाईंनी पितळेचा गुंड (पाण्याचं भांडं) उलटा केला. काठाखाली ठिपक्या-ठिपक्यांनी माझं नाव, पुढं ‘हिस मामाकडून’ अन् लग्नाची तारीख. पंचनाम्यात गुंड माझा झाला. कोपर (पसरट भांडं) अन् डबेही तसेच निघाले. पाटल्या ‘हरवल्या’ म्हणे. त्यांचे पैसे हप्त्यानं येऊन राहिले.

हिंगणा रोड, मुलीचे वडील
सोनं माझ्या पैशाचं, म्हणून तक्रार मीच द्यायला गेलो. वकिलानं २०२४ चा सर्वोच्च न्यायालयाचा निकाल वाचून दाखवला : स्त्रीधन मुलीचं एकटीचं, तिनं अधिकार दिल्याशिवाय बापालाही मागता येत नाही. राग आला, खोटं कशाला बोलू. नंतर समजलं की सर्वोच्च न्यायालयाच्याच १९८५ च्या प्रतिभा राणी निकालापासून नवऱ्यालाही तेच लागू आहे. त्याच्याकडे ते विश्वासानं ठेवायला दिलेलं असते, दाबून ठेवलं तर विश्वासघाताचा गुन्हा. शेवटी मुलगी पुण्याहून रजा टाकून आली, तिच्याच सहीनं तक्रार गेली.

मानकापूर
मी दुसऱ्या बाजूचा, नवरा. चालेल ना? सामान सगळं परत दिलं होतं बाप्पा, टेम्पोचं भाडंही मीच भरलं. पावती नाही घेतली. सहा महिन्यांनी ठाण्यातून फोन, दंड संहितेचं विश्वासघाताचं कलम ४०६ (१ जुलै २०२४ पासून न्याय संहितेत ते ३१६). सोनं दिल्याचा माझ्याकडे कागदच नाही. देणाऱ्यानंही प्रत्येक वस्तूपुढं सही घ्या.

मोमिनपुरा
आमच्यात घटस्फोटित मुस्लिम बायकांसाठी १९८६ चा कायदा आहे, कलम ३. मेहेर (निकाहात नवऱ्यानं कबूल केलेली रक्कम), इद्दतच्या (तलाकनंतर थांबायच्या) मुदतीत करायची तजवीज, अन् लग्नाआधी, लग्नात, नंतर माहेरच्यांनी, नातेवाइकांनी, नवऱ्यानं जे दिलं ते सगळं. कायद्यात महिन्याभरात आदेशाची सोय आहे, मला चौदा महिने लागले. वकील जिल्हा विधी सेवा प्राधिकरणाकडून फुकट मिळाला. बाईला त्यासाठी उत्पन्नाची अट नाही, हे मला तिथल्या चहावाल्यानं सांगितलं.

बेसा
माझं सोन्याचं नाही, फ्लॅटचं. दोघांच्या नावावर घेतला, पाच वर्षं हप्ता माझ्या पगारातून. मला वाटलं निकाल लागला की कर्जातलं नाव आपोआप जाईल. बँक म्हणाली, तुमचा घटस्फोट झाला, कर्जाचा नाही. त्यानं हप्ते थकवले अन् माझा सिबिल (कर्जफेडीचा स्कोअर) पडला. आता कुटुंब न्यायालयात मालमत्तेचा वेगळा दावा आहे. हप्त्याची एकेक एंट्री हिरव्या मार्करनं रंगवून पासबुकं जोडली.

धाग्याची मालकीण
@महाल, काल आईकडे लग्नाचा व्हिडिओ काढला. गोफ घातलेला दिसते, काढतानाचा नाही दिसत. अन् तुझं वाचून आठवलं, मलाही मामानं गुंड दिला होता, नाव घालून. माझ्या यादीत गुंडच नव्हता.