जुन्या बल्क कूलरमध्ये दुसरा गॅस भरायचा की आर-22 वरच चालवायचा?

दूधगंगा_काठ

चिकोडी तालुक्यातल्या आमच्या गावात दूध संस्थेचा 2000 लिटरचा बल्क कूलर आहे. म्हणजे गोळा झालेलं दूध गार करून ठेवायची टाकी. 2010 साली बसवला, आर-22 या गार करणाऱ्या गॅसवर चालतो. मार्चपासून त्यातला गॅस दोनदा संपला. दोन्ही वेळा मेकॅनिक आला, सिलिंडर लावला, गेजकडे बघितलं, पैसे घेतले आणि गेला. दुसऱ्या खेपेला संध्याकाळचं दूध चार अंशांवर यायला रात्रीचे अकरा वाजले आणि सकाळी ते दुधातले जंतू तपासणाऱ्या मिथिलीन ब्लूच्या चाचणीत नापास होऊन परत आलं. साडेआठशे लिटर. एकेक-दोनदोन म्हशी पाळणाऱ्या बायकांचं दूध होतं ते.

आता मेकॅनिक म्हणतो, आर-22 बंद होतोय, नवा ‘ड्रॉप-इन’ गॅस, म्हणजे जुन्या मशीनमध्ये थेट भरायचा, घालून देतो, कॉम्प्रेसरचं तेलसुद्धा बदलायला नको. निम्मे संचालक तयार आहेत. माझा विरोध आहे.

आर-22 ओझोनला मारक म्हणून माँट्रियल कराराखाली तो टप्प्याटप्प्याने कमी होतोय, हे बरोबर. पण 2025 च्या सुरुवातीपासून भारतात बंद झालं ते आर-22 वर चालणारी नवी यंत्रं बनवणं. जुन्या यंत्रांच्या दुरुस्तीला गॅस अजून मिळतो. 2030 ला मुख्य वापर थांबेल, त्यापुढे 2040 पर्यंत फक्त दुरुस्तीपुरता अगदी थोडा कोटा राहील. म्हणजे उद्या सकाळी काही संपत नाही.

आणि गॅस ‘संपतो’ कसा? तो डिझेलसारखा जळत नाही, बंद नळ्यांतून फिरत राहतो. कमी झाला म्हणजे कुठेतरी भोक आहे. ते भोक तसंच ठेवून कुठलाही गॅस भरला तरी तो दोन महिन्यांत आभाळात जाणार. एक किलो आर-22 हवेत सोडणं म्हणजे 1810 किलो कार्बन डायऑक्साइड सोडण्यासारखं आहे. आमचा चारेक किलो गेला. हिशेब सव्वासात टनांचा होतो.

तेल न बदलता चालणारे गॅस आहेत, नाही असं नाही. आर-422डी, आर-417ए, आर-438ए. त्यांत थोडा हायड्रोकार्बन मिसळलेला असतो म्हणून जुनं मिनरल तेल कसंबसं कॉम्प्रेसरकडे परत येतं. ओझोनला ते इजा करत नाहीत, पण आर-422डी चा तापमानवाढीचा आकडा (कार्बन डायऑक्साइडच्या किती पट, तो) 2729 आहे, आर-22 पेक्षा जास्त. गारवाही थोडा कमीच मिळतो. मग कशासाठी? गळती काढा, आर-22 च भरा आणि नव्या मशीनसाठी पैसे साठवा.

उद्यमबाग_कूलिंग

मी बेळगावात वीस वर्षं हेच काम करतोय. गळतीबद्दल दादा शंभर टक्के बरोबर. पुढचं मला पटत नाही.

गॅस अजून मिळतो म्हणता, पण 2025 पासून देशाचा कोटा मूळ पातळीच्या एक तृतीयांशाच्या आत आलाय. ऐन एप्रिलमध्ये दूध टाकीत असताना सिलिंडर शोधत कोल्हापूरपर्यंत गेलेली गिऱ्हाइकं मी बघितलीत. गळती काढायला मशीन उघडणारच आहात ना? मग त्याच खेपेला आर-407सी वर न्या. दाब आर-22 च्या जवळपास, थोडा जास्त, त्यामुळे कॉम्प्रेसर आणि कंडेन्सर तेच चालतात.

पण ते काम नीट करायचं असतं ओ. जुना गॅस रिकव्हरी मशीनने काढायचा, हवेत सोडायचा नाही. मिनरल तेल काढून पीओई हे कृत्रिम तेल घालायचं, मशीन चालवून पुन्हा काढायचं, पुन्हा घालायचं. जुनं तेल पाच टक्क्यांच्या खाली येईपर्यंत, म्हणजे साधारण दोन-तीनदा. ओलावा शोषणारा ड्रायर नवा. रबरी सील सगळे नवे, कारण आर-22 मध्ये फुगून बसलेले सील दुसऱ्या गॅसमध्ये आकसतात आणि नवी गळती सुरू होते. नायट्रोजन भरून चाचणी, मग पंपाने आतली हवा खेचून 500 मायक्रॉनपर्यंत व्हॅक्यूम. पीओई तेल हवेतला ओलावा ओढून घेतं, डबा उघडा ठेवून चहाला गेलात तर ते तेल वाया गेलं समजा. 407सी तीन गॅसांचं मिश्रण आहे, म्हणून सिलिंडरमधून द्रवरूपातच भरायचा. टाकीकडे जाणारा गॅस आवरणाऱ्या एक्स्पान्शन व्हॉल्व्हचं सेटिंग (सुपरहीट) पुन्हा लावायचं. आणि मशीनवर मोठ्या अक्षरांत गॅसचं आणि तेलाचं नाव लिहायचं. हे शेवटचं कुणीच करत नाही आणि पुढचा मेकॅनिक वर आर-22 टाकून सगळं बिघडवतो.

दिवसभराचं काम आहे. जो तासाभरात करून देतो म्हणतो त्याला दारातूनच परत पाठवा.

मलप्रभा_तीर

दोघांचंही बघून वाईट वाटलं. 407सी चा तापमानवाढीचा आकडा 1774. आर-22 चा 1810. एवढा खर्च करून ओझोन वाचला, पण हवामानाच्या हिशेबात जागेवरच. शिवाय 407सी सुद्धा एचएफसीच आहे, म्हणजे ओझोनला इजा न करणारा पण हवा तापवणारा गॅस. माँट्रियल कराराच्या किगाली दुरुस्तीला भारताने 2021 मध्ये मान्यता दिली, 2028 पासून एचएफसीला मर्यादा लागणार आणि 2032 पासून कपात. आज आर-22 साठी जे रडगाणं आहे तेच पुन्हा 407सी साठी गायचं का?

प्रोपेनचा, म्हणजे आर-290 चा, आकडा 3. मिनरल तेलाशी त्याचं जमतं, कॉम्प्रेसरमधून निघणारा गॅस कमी तापतो, वीज कमी लागते, आणि वजनाने आर-22 च्या निम्म्याहूनही कमी भरावा लागतो. घरोघरच्या नव्या फ्रिजमध्ये आयसोब्युटेन आहेच, कुणाचं घर उडालं? खानापूरकडे पावसाळा कसा बदललाय ते मी दर वर्षी भाताच्या तरव्यात बघतो. जुन्या मशीनमध्ये थेट प्रोपेन भरावा असं माझं ठाम मत आहे.

उद्यमबाग_कूलिंग

@मलप्रभा_तीर, तुमची कळकळ खरी आहे आणि 407सी बद्दलचा मुद्दाही खरा आहे. पण घरच्या फ्रिजमध्ये तो गॅस पन्नासेक ग्रॅम असतो. या बल्क कूलरमध्ये आर-22 पाच-सहा किलो असेल, म्हणजे प्रोपेन दोन-अडीच किलो.

आता खोलीचा हिशेब करा. 4 बाय 5 मीटरची खोली, उंची 3, म्हणजे 60 घनमीटर. हवेच्या एका घनमीटरात 38 ग्रॅम प्रोपेन झाला की तो पेट घेऊ शकतो. 60 गुणिले 38, म्हणजे 2280 ग्रॅम. एका गळतीत अख्खी खोली त्या पातळीला पोचते. आणि प्रोपेन हवेपेक्षा जड, तो सगळीकडे पसरत बसत नाही, जमिनीलगत साचतो. तिथे त्याहून कितीतरी आधी धोका. त्याच खोलीत जुन्या पॅनलचे उघडे काँटॅक्टर (वीज जोडणारे-तोडणारे स्विच) आहेत, हेस्कॉमचा करंट गेला की जनरेटरवर बदलताना ठिणगी पडतेच. स्वयंपाकाच्या गॅससारखा याला वासही घातलेला नसतो. पहाटे साडेपाचला बाया कळशा घेऊन ओळीत उभ्या असतात त्या खोलीत.

प्रोपेनसाठी मुळापासून बनवलेलं मशीन आणा, मी स्वतः बसवून देतो. आर-22 च्या मशीनमध्ये मी भरणार नाही आणि कुणाला भरूही देणार नाही.

वडगावची_ताई

आमचं शहापुरात मिठाईचं दुकान आहे, कुंदा आणि पेढ्यांचं. काउंटर आर-22 चा होता. तीन वर्षांपूर्वी एकाने त्यात आर-134ए भरून दिला, ‘हाच आता सगळीकडे चालतो’ म्हणून. काउंटर कधी गारच होईना. नंतर कळलं की त्याच कॉम्प्रेसरवर 134ए चा गारवा आर-22 च्या जेमतेम साठ-पासष्ट टक्के येतो, आणि जुनं तेल त्यात मिसळतच नाही. दसऱ्याच्या आदल्या दिवशी कॉम्प्रेसर जाम झाला.

मग कारखान्यातूनच आर-290 भरून आलेला नवा काउंटर घेतला. बिल कमी येतं. दादा, जुन्यावर पैसा घालू नका.

दूधगंगा_काठ

ताई, तुमचा काउंटर आणि दोन हजार लिटरची टाकी यांच्या किमतीत फार फरक आहे. संस्थेच्या सभासदांच्या दुधातूनच ते पैसे कापले जाणार. म्हणून मी ‘आत्ता घ्या’ म्हणत नाही, ‘साठवा’ म्हणतो.

निपाणी_नाका

एक गोष्ट सगळ्यांसाठी. स्वस्तातला बिनलेबलचा सिलिंडर कुणीही घेऊ नका. भेसळीत मिथाइल क्लोराइड असू शकतो, तो ॲल्युमिनियमशी मिळाला की हवा लागताच पेटणारं रसायन बनतं. 2011 मध्ये व्हिएतनाम आणि ब्राझीलमध्ये शीतकंटेनरांचे स्फोट याच भेसळीमुळे झाले, माणसं मेली. आणि कुणी आर-410ए गॅस भरतो म्हणाला तर हात जोडा. 50 अंशांवर आर-22 चा दाब 18 बारच्या आसपास असतो, 410ए चा 30 च्या जवळ जातो. जुनी नळी ते सोसणार नाही.

दूधगंगा_काठ

काल नायट्रोजनची चाचणी करून घेतली. कंडेन्सरजवळच्या नळी जोडणाऱ्या एका फ्लेअर नटला साबणाचा फेस लावल्याबरोबर बुडबुडे आले. टाकीखालची, दूध गार करणारी प्लेट शाबूत आहे. ती फुटली असती तर हा सगळा वाद तिथेच संपला असता, कारण ती बदलणं म्हणजे टाकीच बदलणं. नट काढून तिथे ब्रेझिंग केलं, म्हणजे धातू वितळवून जोड पक्का केला, रात्रभर दाब धरून ठेवला, काटा हलला नाही. व्हॅक्यूम करून आर-22 वजनकाट्यावर मोजून भरला. आज संध्याकाळचं दूध अडीच तासांत चारवर आलं.

@उद्यमबाग_कूलिंग, मशीन उघडलं होतं तरी 407सी केलं नाही, त्याबद्दल तुम्ही रागवाल. पण पुन्हा कधी कॉम्प्रेसर गेला तर त्या वेळी मी तुमच्या बाजूने मत देईन, हे लिहून ठेवतो.

उद्यमबाग_कूलिंग

रागवत नाही. पण कॉम्प्रेसर जातो तो मे महिन्यात जातो, दादा, टाकी भरलेली असताना. त्या रात्री तेल तीनदा बदलायला वेळ कोण देणार? दिवाळीनंतर दूध निवांत असतं का तुमच्याकडे?

दूधगंगा_काठ

नसतं. तेव्हाच म्हशी विलेल्या असतात, दूध सगळ्यात जास्त. जूनच्या सुरुवातीला दहा-बारा दिवस कमी असतं. तेव्हा या, सभेत तुम्हीच बोला.